जन्मसालाचा खटला

गुन्ह्यांच्या सत्यकथा सांगणारे अनुबोधपट हा आजच्या दूरचित्रवाणीवरील मोठ्या खपाचा माल आहे. त्यातील बहुतेक भाग घाईने रचलेला आणि तितक्याच घाईने विसरला जाणारा असतो. स्वतंत्र लेख लिहून परीक्षण करावे अशी योग्यता त्यांपैकी थोड्यांचीच. ‘द क्युरियस केस ऑफ नतालिया ग्रेस’ ही इन्व्हेस्टिगेशन डिस्कव्हरी या अमेरिकन वाहिनीची मालिका त्या थोड्यांत मोडते, असे आमचे मत आहे. ती निर्दोष आहे असे आम्हांस म्हणावयाचे नाही. तिच्यात एक मोठा दोष आहे, आणि ज्या न्यायालयीन प्रकरणाची ती हकिकत सांगते त्या प्रकरणातही नेमका तोच दोष आहे. कलाकृतीचा दोष आणि तिच्या विषयाचा दोष असे एकरूप झालेले क्वचितच पाहावयास मिळतात. म्हणून तिचा विचार करावयाचा.

शिवाय दत्तकाचा विषय आपल्या घरांना नवा नाही. दत्तकविधान झालेले एखादे तरी नाव नाही अशी जुनी वंशावळ आपल्याकडे विरळाच सापडेल. आणलेले मूल घराचे केव्हा होते आणि ते घराचे नाही असे म्हणण्याचा अधिकार कोणास असतो, हा प्रश्न जितका अमेरिकेतील इंडियाना राज्याचा आहे तितकाच आपलाही आहे.

प्रथम हकिकत. युक्रेनमधील जन्मनोंदीप्रमाणे नतालिया या मुलीचा जन्म ४ सप्टेंबर २००३ रोजी झाला. हाडांची वाढ खुंटविणारा एक दुर्मिळ विकार तिला जन्मतःच होता. त्यामुळे तिची उंची फारच कमी राहिली आणि चालणे कष्टाचे झाले. २००८ साली ती दत्तक म्हणून अमेरिकेत आली. त्या पहिल्या घरी तिचे बस्तान बसले नाही, आणि २०१० मध्ये इंडियानातील मायकेल व क्रिस्टिन बार्नेट या दांपत्याने तिला दत्तक घेतले. असामान्य बुद्धीच्या मुलाची आई म्हणून क्रिस्टिन बार्नेट यांचा पुढे बराच लौकिक झाला. त्या मुलाच्या संगोपनावरचे त्यांचे पुस्तक २०१३ मध्ये प्रसिद्ध झाले. मात्र दत्तक मुलीविषयी या दांपत्याची तक्रार थोड्याच काळात सुरू झाली. ही बालिका नसून बालिकेचे सोंग घेतलेली प्रौढ स्त्री आहे, ती घरातील माणसांच्या जिवावर उठली आहे, असे त्यांचे म्हणणे होते. २०१२ साली मॅरियन काउंटीच्या न्यायालयाने त्यांच्या अर्जावरून मुलीचे जन्मसाल २००३ ऐवजी १९८९ असे बदलून दिले. कागदावर आठ वर्षांची मुलगी एका हुकुमाने बावीस वर्षांची झाली. २०१३ मध्ये लाफाएट या गावी एका भाड्याच्या बिऱ्हाडात तिला एकटीला ठेवून बार्नेट कुटुंब कॅनडास गेले. पुढे एका शेजारच्या कुटुंबाने तिला आपल्या घरी आसरा दिला.

२०१९ मध्ये बार्नेट पतिपत्नींवर, तोवर ते विभक्त झाले होते, परावलंबी व्यक्तीची हेळसांड केल्याबद्दल आरोप ठेवण्यात आले. ऑक्टोबर २०२२ मध्ये ज्यूरीने मायकेल बार्नेट यांस निर्दोष ठरविले. मार्च २०२३ मध्ये क्रिस्टिन बार्नेट यांच्यावरील आरोप सरकारपक्षानेच मागे घेतले. त्यानंतर दोनच महिन्यांनी, मे २०२३ च्या अखेरीस, या मालिकेचे पहिले सहा भाग प्रसारित झाले.

या सहा भागांची रचना एकाच प्रश्नावर उभारलेली आहे: ही मुलगी की बाई? पहिल्या भागापासून प्रेक्षकाच्या हाती हा प्रश्न देण्यात येतो आणि उत्तर पुढे पुढे ढकलले जाते. मायकेल बार्नेट कथन करतात. त्यांच्या कथनात नाट्य फार आहे. ते रडतात, ओरडतात, प्रसंग अंगविक्षेपांसह उभे करतात. मध्ये शेजाऱ्यांच्या साक्षी येतात, काहींना ती मुलगी वाटली, काहींना बाई. या सगळ्यावर छाया पडलेली आहे ती २००९ सालच्या ‘ऑर्फन’ या भयपटाची. त्या चित्रपटात नऊ वर्षांची अनाथ मुलगी म्हणून दत्तक आलेली व्यक्ती प्रत्यक्षात तेहतीस वर्षांची खुनशी स्त्री निघते. भयपट आधी आला, दत्तकविधान एका वर्षाने मागाहून झाले. मालिकेने या क्रमाकडे गंभीरपणे पाहावयास हवे होते. एखादी कल्पित कथा लोकांच्या मनात इतकी मुरते की समोरच्या खऱ्या मुलास ते त्या कथेतील पात्र समजू लागतात, असे घडू शकते काय? हा प्रश्न विचारण्याऐवजी मालिकेने त्या भयपटाचेच अंधूक दिवे आणि दबके संगीत उसने घेतले.

येथे आपल्या रंगभूमीवरील एका न्यायालयाची आठवण करून देणे उपयोगाचे होईल. शूद्रकाचे ‘मृच्छकटिक’ संस्कृतातून न वाचलेल्यांसही देवलांच्या संगीत नाटकामुळे परिचित आहे. त्याच्या नवव्या अंकात चारुदत्तावर खुनाचा खटला चालतो. पुरावा एकेक करून त्याच्याविरुद्ध जमतो. वसंतसेनेची आई साक्ष देते, मैत्रेयाच्या काखेतून दागिने नेमके न्यायासनासमोर गळून पडतात. न्यायाधीश दुष्ट नाही, तो सावधही आहे, तरीही तो चुकतो. परंतु प्रेक्षक चुकत नाही, कारण शकाराने वसंतसेनेचा गळा आवळलेला आणि भिक्षूने तिला वाचविलेले त्याने आधीच्या अंकात पाहिलेले असते. शूद्रकाने सत्य आधी सांगून टाकले. खून कोणी केला या कुतूहलात त्यास प्रेक्षकाला अडकवावयाचे नव्हते. भल्या माणसांचे न्यायालय खोट्या निर्णयास कसे पोहोचते, हे त्यास दाखवावयाचे होते. जाणत्या प्रेक्षकाची व्याकूळता ही त्या अंकाची सारी शक्ती आहे.

प्रस्तुत मालिकेने नेमका उलटा मार्ग धरला. २०२३ साली मालिका प्रसारित झाली तेव्हा फिर्यादपक्षाचे कागद उपलब्ध होते. २०१० मध्ये झालेल्या अस्थितपासणीत मुलीचे वय सुमारे आठ वर्षे आढळले होते आणि २०१२ मध्ये, म्हणजे ज्या वर्षी ती बावीसची ठरविली गेली त्याच वर्षी, पुन्हा झालेल्या तपासणीत ते सुमारे अकरा आढळले होते, असे त्या कागदांत नमूद आहे. हे पहिल्याच भागात ठळकपणे मांडता आले असते. मग मालिकेचा विषय आपोआप बदलला असता. ‘ती कोण?’ हा प्रश्न मागे पडून ‘असा हुकूम झाला कसा?’ हा प्रश्न पुढे आला असता. पण मग कोड्याची गंमत गेली असती. कोडे राखण्यासाठी मालिकेने एका जिवंत माणसास कोडे केले, आणि सहा भाग तिच्याविषयी बोलून झाल्यावर शेवटी तिचे ओझरते दर्शन घडवून पुढील मालिकेची जाहिरात केली. पहिल्या सहा भागांचा आमचा मुख्य आक्षेप हा आहे: ज्या मुलीचा हा खटला, तिची साक्षच येथे नाही.

आता मूळ हुकुमाकडे वळू. वकिलीच्या व्यवसायात एक गोष्ट पहिल्या वर्षीच अंगवळणी पडते: ज्या अर्जास विरोध करणारा कोणी समोर उभा नाही, तो अर्ज सर्वांत जपून वाचावा. विरुद्ध पक्षाचा वकील हा न्यायाधीशाचा दुसरा डोळा असतो. तो नसेल तेव्हा न्यायाधीशास दोन्ही डोळ्यांचे काम एकट्याने करावे लागते. जन्मसाल बदलण्याचा हा अर्ज पालकांचा होता. त्याच्या पुष्ट्यर्थ दाखले पालकांनी आणलेले होते, त्यांत एका डॉक्टराचे पत्रही होते. मुलीच्या वतीने कायद्याने जे बोलावयाचे ते पालकांनीच, आणि अर्जदारही पालकच. तिच्या हितसंबंधाविरुद्ध मागणी करणारे आणि तिचे हित सांभाळणारे हात एकच होते. दुसरी बाजू ऐकल्याखेरीज निर्णय देऊ नये हे न्यायाचे आद्य सूत्र आहे. येथे दुसरी बाजू अस्तित्वातच येऊ दिली गेली नाही.

असल्या हुकुमाने काय होते, हे कायद्याशी संबंध नसलेल्या वाचकासही समजावून घेण्यासारखे आहे. जन्मतारीख ही कागदावरील एक ओळ दिसते, परंतु तिच्या आधाराने माणसाचे हक्क उभे असतात. अल्पवयीन मुलास घरात ठेवून पोसणे हे पालकाचे कर्तव्य. सज्ञान व्यक्तीस स्वतंत्र बिऱ्हाड करून देणे हा फार तर उदारपणा. बाळास एकटे टाकणे हा गुन्हा. बावीस वर्षांच्या स्त्रीस भाड्याच्या खोलीत ठेवणे हा गुन्हा नव्हे. मुलीच्या अंगात, बुद्धीत, चालण्यात काहीच बदललेले नव्हते. बदलला तो एक आकडा, आणि त्याबरोबर पालकांचे सारे ऋण फिटून गेले. बालकांच्या संरक्षणासाठी असलेल्या खात्यांची दारेही त्याच आकड्याने तिला बंद झाली.

पुढे खटला उभा राहिला तेव्हा हाच हुकूम आडवा आला. २०१२ चा निर्णय उभा असल्याने, ती लहान मूल होती या गृहीतावर आधारलेले आरोप टिकू शकले नाहीत. ज्यूरीपुढे उरला तो एवढाच प्रश्न की, एका अपंग आणि परावलंबी व्यक्तीची हेळसांड झाली काय? ज्या वस्तुस्थितीवर सारे प्रकरण उभे, ती ज्यूरीस तपासावयाची नव्हती. या मर्यादेत ज्यूरीने जो निर्णय दिला तो आम्ही शिरसावंद्य मानतो. निर्दोष ठरलेल्या माणसास प्रेक्षकांनी पुन्हा दोषी ठरवू नये, हे आम्ही आग्रहाने म्हणू. परंतु त्या निर्णयाने नतालिया १९८९ साली जन्मली होती हे सिद्ध झाले, असे कोणी समजू लागल्यास तोही भ्रम होय. तो मुद्दा त्या ज्यूरीपुढे नव्हताच.

आपल्याकडे असे घडू शकले असते काय? आपल्या व्यवस्थेचा गर्व वाहण्याचे कारण नाही. तथापि तुलना बोधप्रद आहे. २०१५ च्या बालन्याय अधिनियमाच्या कलम ९४ मध्ये, बालकल्याण समितीपुढे किंवा मंडळापुढे आलेल्या मुलाचे वय ठरविण्याचा क्रम सांगितला आहे. आधी शाळेचा जन्मतारखेचा दाखला किंवा मॅट्रिकचे प्रमाणपत्र. ते नसेल तर महानगरपालिका, नगरपालिका किंवा पंचायतीचा जन्मदाखला. आणि हे दोन्ही नसतील तरच हाडांची किंवा अन्य वैद्यकीय तपासणी. म्हणजे लेखी नोंद आधी, शरीर मागाहून. शरीरावरून केलेला अंदाज दोन्ही बाजूंस सुमारे दोन वर्षांनी चुकू शकतो, हे आपल्या सर्वोच्च न्यायालयाने १९८२ मध्येच लक्षात घेतले होते. नतालियाच्या बाबतीत तर हाडांचाच विकार. ज्या विकारात हाडांची टोके मुळातच उशिरा घट्ट होतात, त्यात हाडांवरून वय वाढवून सांगणे अधिकच धोक्याचे. तपासणीने चूक झालीच तर ती तिला वयाने लहान दाखविण्याकडे व्हावयाची; चौदा वर्षांनी मोठी ठरविण्याकडे नव्हे.

दुसरी तुलना दत्तकाच्या अढळपणाची. १९५६ च्या हिंदू दत्तक व निर्वाह कायद्याच्या कलम १५ प्रमाणे एकदा वैध रीतीने झालेले दत्तकविधान दत्तक घेणाऱ्या पित्यास वा मातेस रद्द करता येत नाही, आणि दत्तक मुलासही ते झुगारून जन्मदात्यांच्या घरी परतता येत नाही. (गोव्यात हा कायदा लागू नाही, तेथे कुटुंबविषयक कायद्याची परंपरा निराळी आहे, मात्र बालन्याय अधिनियम गोव्यासही लागू आहे.) ‘दत्त’ म्हणजे दिलेला, एकाने द्यावयाचा आणि दुसऱ्याने घ्यावयाचा, यालाच विधीचे सार मानले गेले. होम झाला नाही तरी आजच्या कायद्याने दत्तक अडत नाही, पण देणे आणि घेणे झालेच पाहिजे. हातात घेतलेले परत ठेवता येत नाही, हा त्यातील नैतिक अर्थ. बार्नेट दांपत्याने दत्तकविधान रद्द करून मागितले नाही. त्यांनी मागितले ते जन्मसाल. नाते कागदावर तसेच राहिले आणि नात्यापासून निघणारी जबाबदारी मात्र संपली. हे कायद्याच्या दृष्टीने चतुर होते. आणि अढळ दत्तकाच्या कल्पनेत वाढलेल्या आपल्यासारख्यांस ते अधिकच टोचावे.

पण न्यायाने बोलावयाचे तर आपल्या परंपरेतील उणीवही सांगितली पाहिजे. देणाऱ्याची आणि घेणाऱ्याची संमती आपण बारकाईने पाहिली. दिल्या जाणाऱ्याची कधी पुसली नाही. १९५६ च्या कायद्यात दत्तकाच्या वैधतेसाठी ज्या अटी सांगितल्या आहेत, त्यांत मुलाच्या इच्छेचा उल्लेख नाही. पिंडासाठी, इस्टेटीसाठी, गादीसाठी मुले घेतली गेली. एका रात्रीत घर, नाव आणि आईबाप बदललेल्या त्या मुलांस काय वाटले, याची नोंद आपल्या घराण्यांच्या दप्तरांतून अभावानेच मिळेल. बालन्याय अधिनियमाच्या कलम ६१ ने आता न्याय देणाऱ्यावर मुलाच्या इच्छेचा, त्याचे वय व समज पाहून, योग्य विचार करण्याचे बंधन घातले आहे. हा विचार उशिरा आला, पण आला. इंडियानातील त्या हुकुमात जे घडले, त्याचे बीज ‘मुलास काय विचारायचे?’ या सवयीत आहे. आणि ती सवय कोणत्याही एका देशाची नव्हे.

मालिकेचा दुसरा खंड जानेवारी २०२४ मध्ये आला. यात नतालिया स्वतः बोलते, आणि या एका गोष्टीने सारे चित्र पालटते. पहिल्या खंडात जी संशयाची आकृती होती, तिला आवाज, विनोद, राग आणि स्मरण येते. बार्नेट यांच्या घरी आपणांस मारहाण झाली, असे ती सांगते. तिच्यावर ठेवलेले चाकूचे, विषाचे आरोप ती नाकारते. या खंडातील सर्वांत महत्त्वाचा भाग रक्ततपासणीचा आहे. २०२३ मध्ये एका प्रयोगशाळेने तिच्या रक्ताच्या परीक्षेवरून वय सुमारे बावीस वर्षे असल्याचा निष्कर्ष काढला, आणि तो तिला छायायंत्रासमोर वाचून दाखविण्यात येतो.

या प्रसंगाचे मोल नीट जोखले पाहिजे. रक्तातील जनुकद्रव्यावर काळानुसार होणाऱ्या रासायनिक खुणा मोजून वय काढण्याची ही रीत आता बरीच रूढ आहे. पण ती घड्याळासारखी बिनचूक नाही. २०१३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या या प्रकारच्या सुप्रसिद्ध मापनपद्धतीतही चुकीचे मध्यमान सुमारे साडेतीन वर्षांचे होते. म्हणून ‘बावीस’ या आकड्यास जन्मतारखेचा दाखला मानणे चूक. पण येथे प्रश्न दोन-तीन वर्षांचा नव्हता. युक्रेनची नोंद खरी असल्यास त्या वेळी ती एकोणीस-वीस वर्षांची, आणि इंडियानाचा हुकूम खरा असल्यास तेहतीस-चौतीस वर्षांची. बावीस हा निष्कर्ष पहिल्या पक्षाच्या अगदी निकट आणि दुसऱ्यापासून अकरा-बारा वर्षे दूर आहे. अस्थितपासणीचे दोन जुने निष्कर्ष आणि जन्मनोंद यांच्या जोडीला हा तिसरा पुरावा ठेवला, तर दिवाणी न्यायालयात ज्यास संभाव्यतेचे पारडे म्हणतात ते कोणीकडे झुकते, हे सांगण्यास कायद्याची पदवी लागत नाही. मालिकेने हे तिन्ही पुरावे शांतपणे एका ओळीत मांडावयास हवे होते. तिने रक्ततपासणीच तेवढी जयघोषासारखी वाजविली, कारण लखोटा उघडण्याचा क्षण छायायंत्रास भावतो आणि जुन्या कागदांचा ढीग भावत नाही.

याच खंडात नतालिया आणि मायकेल बार्नेट यांची समोरासमोर भेट घडवून आणलेली आहे. ते दोषाचे बोट आपल्या पूर्वपत्नीकडे दाखवितात. प्रेक्षकांच्या भावना हेलावतात, पण वकिलाचे मन येथे अस्वस्थ होते. ज्यांच्याकडे बोट दाखविले जाते त्या क्रिस्टिन बार्नेट तेथे नाहीत. त्यांनी आरोप नाकारले आहेत आणि न्यायालयात त्यांच्यावर काहीही सिद्ध झालेले नाही. उलटतपासणी नाही, शपथ नाही, पुराव्याचे नियम नाहीत, तरी रचना मात्र न्यायालयाची आहे. साक्षीदार, आरोपी आणि घरोघरी बसलेली ज्यूरी. पहिल्या खंडात मुलीच्या गैरहजेरीत मुलीचा निवाडा झाला. दुसऱ्यात आईच्या गैरहजेरीत आईचा होऊ घातला. बाजू बदलली, पद्धत तीच राहिली. मारहाणीच्या आरोपाविषयी सभ्य प्रेक्षकाने घ्यावयाची भूमिका आमच्या मते अशी: मुलीचे म्हणणे गंभीरपणे ऐकावे, ते खोटे आहे असे तिच्या उंचीवरून किंवा वागण्यावरून ठरवू नये, आणि ते सिद्ध झाले असेही म्हणू नये. वयाचा प्रश्न कागदांनी बराचसा सुटतो. बंद दारामागे काय घडले याचा प्रश्न तसा सुटत नाही. या दोहोंतील अंतर मालिकेने राखलेले नाही. एका बाबतीत नतालिया खरी ठरली म्हणून सर्व बाबतींत ठरली, असा वेग तिने घेतला आहे. नतालियाचे हितही त्यात नाही. कारण ज्याची प्रतिष्ठा प्रेक्षकांच्या लाटेवर उभी, त्याची ती दुसऱ्या लाटेने वाहूनही जाते.

आणि तसेच झाले. २०२३ मध्ये ज्या धर्मोपदेशकाच्या कुटुंबाने नतालियास रीतसर दत्तक घेतले, त्याच कुटुंबाने निर्मात्यांना दूरध्वनीवरून तिच्याविषयी तक्रार केली, आणि दुसरा खंड त्या दूरध्वनीवरच संपविण्यात आला. सहा भाग खपून जो संशय दूर केला, तोच शेवटच्या मिनिटात पुन्हा पेरला गेला. जानेवारी २०२५ मधील तिसऱ्या खंडासाठी प्रेक्षक जमवावयाचे होते. त्या खंडात पारडे पुन्हा उलटून त्या घरातील तिचे दुःख पुढे आले. पुढे २०२५ मध्येच याच प्रकरणावर ‘गुड अमेरिकन फॅमिली’ ही नाट्यमालिका निघाली. तिनेही आधी पालकांच्या नजरेने आणि मग मुलीच्या नजरेने, हाच क्रम ठेवला. प्रथम संशय, नंतर सुनावणी. २०१२ च्या हुकुमापासून आजवर नतालियाच्या वाट्यास हाच क्रम आला आहे.

याचा अर्थ ही मालिका पाहू नये असा नव्हे. पाहावीच. दोन गोष्टींसाठी तिचे ऋण मान्य केले पाहिजे. जन्मसाल बदलणारा तो हुकूम तिने पुन्हा लोकांच्या नजरेसमोर आणला. आणि दुसऱ्या खंडात एका अपंग तरुण स्त्रीस तिची हकिकत तिच्या तोंडून, तिच्या चालीने, दीर्घकाळ सांगू दिली. अस्थिविकाराने खुजे राहिलेले माणूस पडद्यावर बहुधा विनोदासाठी किंवा भयासाठीच आणले जाते. येथे ते काही काळ तरी वादी म्हणून बसले आहे. हे थोडके नव्हे.

परंतु पाहणाऱ्याने एक युक्ती करावी. पहिल्या खंडाचे सहा भाग आधी पाहू नयेत. दुसऱ्या खंडातील रक्ततपासणीचा भाग आधी पाहावा, हुकुमाची हकिकत समजून घ्यावी, आणि मग पहिल्या खंडाकडे यावे. म्हणजे शूद्रकाने आपल्या प्रेक्षकास जे दिले होते ते स्वतःच स्वतःस मिळवून देता येईल. सत्याचा मोठा भाग ठाऊक असलेला प्रेक्षक पहिले सहा भाग पाहील तेव्हा त्यास कोड्याची मौज वाटणार नाही. शेजारी, डॉक्टर, अधिकारी, न्यायालय अशी किती शहाणी माणसे एका मुलीभोवती उभी होती, आणि तिला खाली बसवून ‘बाई ग, तुझे काय म्हणणे आहे?’ एवढे कोणी विचारले नाही, हे त्यास दिसेल. त्या प्रश्नाला वकील लागत नाही, प्रयोगशाळा लागत नाही. आपल्या घरांत दत्तक आलेले, आश्रयास राहिलेले, दुसऱ्याच्या दाखल्यावर वाढणारे जे कोणी मूल असेल, त्याच्यापाशी तो आजही विचारता येण्यासारखा आहे.